सोळा कुंड्यांतली लिंबं

मला इटलीतल्या माळ्यांचा मत्सर वाटतो. त्यांतल्या एकालाही मी भेटलेलो नाही, इटलीलाही कधी गेलेलो नाही. पण बहरीनमध्ये सव्वीस वर्षं बागा लावल्या, त्यातली चौदा इटालियन बागांमागे गेली, आणि त्या काळात त्यांच्या बागांचे फोटो इतके पाहिले की त्या माळ्यांना मी मनातल्या मनात पुष्कळ शिव्या दिल्या आहेत. पाऊस फुकटात पडतो, पाणी गोड, माती काळीभोर. वर दगडावर शेवाळ आपोआप येतं आणि लोक त्याचंही कौतुक करतात! माझ्या कारंज्यात शेवाळ आलं की गिऱ्हाइकाचा फोन येतो.

मंडळाच्या दिवाळी अंकासाठी लिहा, असं संपादकीणबाईंनी सांगितलं तेव्हा त्यांच्या मनात कढीपत्ता होता. इथल्या प्रत्येक मराठी घराला माझ्याकडून एवढंच हवं असतं, बाल्कनीतला कढीपत्ता ऑगस्टात कसा जगवावा. त्याचं उत्तर एका ओळीत देतो, दुपारी सावलीत ठेवा आणि एसीचं गरम वारं लागू देऊ नका. आता मला जे लिहायचं आहे ते लिहितो.

इटालियन बाग म्हणजे फुलांची बाग नव्हे. निम्मी गिऱ्हाइकं इथेच घसरतात. तिच्यात मुख्य तीन गोष्टी असतात, हिरवं, दगड आणि पाणी. कमरेएवढी कुंपणं दोरी लावल्यासारखी कापायची, त्यांचे चौकोन करायचे, मधून खडीच्या वाटा. मधल्या वाटेच्या टोकाला काहीतरी बघण्यासारखं हवं, कारंजं किंवा पुतळा. कडेला उंच, सडसडीत सायप्रस. आणि मातीच्या मोठ्या कुंड्यांत लिंबाची झाडं. ही बाग वरच्या मजल्यावरच्या खिडकीतून पाहायची असते. खाली उभा राहून माळी राबतो, वर उभा राहून मालक खूश होतो.

यातलं इथे काय टिकतं? तिथलं बॉक्सवुडचं कुंपण पहिल्या जुलैतच करपून गेलं. मग मी आपला कोयनेल लावला. खारं पाणी, खारा वारा, काहीही सोसतो. फक्त वाढतो असा की थंडीत दर दहा-बारा दिवसांनी कापावा लागतो. सायप्रस वाऱ्याने एका अंगाला झुकतात. ठिबकच्या नळ्यांची तोंडं क्षाराने बुजतात, म्हणून माझ्या खिशात पेनाशेजारी कायम एक टाचणी असते. आणि कुंड्या! इटलीत लिंबाच्या कुंड्या थंडीत घरात घेतात म्हणे. आम्ही जूनमध्ये सावलीला ढकलतो. सगळं उलटं.

गिऱ्हाइकंही एकेक. सीफ भागातल्या एका टॉवरच्या विसाव्या मजल्यावरच्या गच्चीत एका साहेबांना सायप्रसची दुतर्फा रांग हवी होती. वाऱ्याचं मी सांगून पाहिलं. पहिल्याच वादळात एक झाड कुंडीसकट शेजाऱ्याच्या गच्चीत गेलं आणि शेजाऱ्याने ते परत दिलं नाही, त्याला आवडलं. दुसऱ्या एका घरी वाटेच्या टोकाला संगमरवरी बाईचा पुतळा आणला. सासरेबुवा आले, त्यांनी पाहिलं आणि चष्मा काढून खिशात ठेवला. दुसऱ्या दिवशी पुतळा गोदामात. चौथरा सहा महिने रिकामा होता. शेवटी तिथे कहव्याची, म्हणजे अरबी कॉफीची, दगडी किटली बसवली, पुरुषभर उंच, आणि तिच्या चोचीतून पाणी सोडलं. खरं सांगतो, ते पुतळ्यापेक्षा चांगलं दिसायचं.

आनंदही आहे. जानेवारीच्या सकाळी नुकतंच कापलेलं कुंपण असावं, खडी ओली असावी, ऊन तिरपं यावं आणि कुंपणाच्या सावल्या सरळ रेषेत पडाव्यात. अशा वेळी वरच्या खिडकीतून एकदा पाहायला मिळावं असं मला फार वाटे. मालकाची खोली ती, कोण नेणार? इब्राहिमला मात्र नेलं होतं. इथून माझी खरी गोष्ट सुरू होते.

इब्राहिमभाई म्हणजे इब्राहिम मुकादम, श्रीवर्धनचा, सुपारीच्या वाडीत वाढलेला. माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठा, आमच्याच कंपनीत माळी. मी शिंदे, श्रीगोंद्याचा, शेतकीची पदविका घेतलेला सुपरवायझर. नकाशा माझा, यादी माझी, झाडांची लॅटिन नावं माझी. तो चौथी पास. आणि त्याने काडी खोचली तरी तिला पालवी फुटायची.

मी कुंपणाला सुतळी बांधून, ओळंबा सोडून रेघ मारून द्यायचो. तो सुतळी सोडून बाजूला ठेवायचा आणि नुसत्या नजरेने कापायचा. एकदा तो जेवायला गेल्यावर मी लेव्हल लावून बघितली. चूक सापडावी अशी माझी मनापासून इच्छा होती. चाळीस फुटांत अर्ध्या बोटाचा फरक निघाला, तोही जमिनीचा होता.

बुदय्या रस्त्यावरच्या ज्या व्हिलात आम्ही सर्वांत मोठी इटालियन बाग केली, तिथल्या मालकीणबाईंना सगळे उम्म खालिद म्हणत, म्हणजे खालिदची आई. मी मॅडम म्हणायचो. त्या माझ्याशी इंग्रजीत बोलायच्या, बेताचं, कामापुरतं. मला हाक मारायच्या ‘मुहंदिस’, म्हणजे इंजिनीअर. त्याला ‘इब्राहिम!’ अशी नावाने हाक, तीही पार व्हरांड्यातून. तो अरबी घडाघडा बोलायचा. त्याला कहवा यायचा, खजूर यायचे. एकदा त्याला वर नेऊन त्यांनी खिडकीतून बाग दाखवली. खाली आल्यावर मी विचारलं, “कशी दिसते?”

“लय बेस, सायेब. तुमचा नकाशा अगदी तसाच दिसतो.”

म्हणजे माणूस चिडायलाही जागा ठेवत नव्हता.

घरीही सुटका नव्हती. आमच्या खिडकीतली तुळस दर ऑगस्टला वाळायची. मी, बागांचा सुपरवायझर, आणि घरातली तुळस मेलेली! इब्राहिमभाईने एका जुन्या तेलाच्या डब्यात तुळशीचं रोप आणून दिलं. ती तुळस आजही आहे. सुनंदा, माझी बायको, रोज पाणी घालताना म्हणायची, “इब्राहिमभाईंच्या हातालाच गुण आहे हो.” मी पेपर जरा वर धरायचो.

तर त्या व्हिलात मधल्या वाटेच्या दुतर्फा आठ-आठ, अशा सोळा कुंड्या होत्या. कुंड्या थेट इटलीहून आलेल्या. झाडंही तिकडूनच आली होती, ती पहिल्या उन्हाळ्यात गेली. मग आपल्या कागदी लिंबासारखी बारीक लिंबं लावली. ती जगली, पण तीन वर्षं नुसती पानं. फूल नाही, फळ नाही. मॅडमच्या मुलीचा साखरपुडा जानेवारीच्या अखेरीस त्याच बागेत ठरला आणि त्या म्हणाल्या, “मुहंदिस, फोटोतल्या कुंड्यांवर लिंबं असतात. माझ्या कुंड्यांवर का नाहीत?” मी खतांची नावं सांगितली. त्यांनी इब्राहिमकडे पाहिलं. तो म्हणाला, “इंशाल्ला.”

आता एक मागची गोष्ट सांगायला हवी. त्याच्या दोन वर्षं आधी, एका दुपारी पिकअपमध्ये डबा खाताना मी इब्राहिमभाईला माझ्या वडिलांची लिंबाची बाग सांगितली होती. आमच्याकडे लिंबाला ताण देतात. म्हणजे पाणी तोडतात. झाड सुकायला लागतं, पानं वळतात, पिवळी पडतात, गळतात. बघणाऱ्याला वाटतं, गेलं झाड. वडील बांधावर नुसते उभे राहायचे आणि शेजारी म्हणायचे, शिंद्याने झाडं मारली. मग नेमक्या दिवशी वडील पानाला हात लावून बघायचे आणि पाणी सोडायचे. आधी थोडं, मग जास्त, मग खत आणि भरपूर. वीस दिवसांत बाग पांढरीफेक. मरणाच्या भीतीने झाड फुलतं, असं वडील म्हणायचे. इब्राहिमभाई घास हातात धरून ऐकत होता. “म्हणजे झाडाला फसवायचा,” तो म्हणाला, “पन मरू द्यायचा नाय.” मी म्हटलं, हो, सगळी कला तेवढीच. ती कला मी स्वतः कधी केली नव्हती. शेती विकून मी इकडे आलो होतो.

त्या डिसेंबरात मॅडम दहा दिवस परगावी गेल्या. मी सोमवारी नेहमीच्या फेरीला व्हिलावर गेलो आणि वाटेवरच थबकलो. सोळाही कुंड्यांतली पानं वळली होती, खाली पिवळा सडा पडला होता. ठिबकचा कॉक बंद होता. मला क्षणात कळलं. त्या सुकल्या पानांचा वास मी लहानपणी पोटभर घेतला आहे.

इब्राहिमभाई कातरी घेऊन आला. चेहरा एखादं गुपित सांगायला आलेल्या मुलासारखा. “बघितलात, सायेब? तुमच्या वडलांनी केला तसा. कुंडी हाय, म्हनून दिस कमी धरले. अजून चार दिस, मग पानी सोडतो.”

मी एका पानाला हात लावला. ताण बरोबर बसला होता. आमच्या वडिलांनाही चूक काढता आली नसती. आणि त्याच क्षणी मी मनात हिशेब मांडायला लागलो. तुळस याची, कुंपण याचं, खिडकी याची, कहवा याचा. आता माझा बापही याचाच? बांधावर बापाच्या शेजारी मी उभा होतो, आणि बहार धरणार हा!

त्याला शाबास म्हणायला हवं होतं. मॅडमना फोन करून आधी कल्पना द्यायला हवी होती, ते तर माझं कामच होतं. मी म्हटलं, “बघू,” आणि गाडीत बसलो.

मॅडम दोन दिवस आधीच परत आल्या. गुरुवारी सकाळी मुदीरचा, म्हणजे आमच्या मॅनेजरचा फोन आला, ताबडतोब ये. मी पोचलो तेव्हा मॅडम वाटेवर उभ्या होत्या, हातात मूठभर पिवळी पानं. साखरपुडा महिनाभरावर. मुदीर घाम पुसत होता. इब्राहिमभाई कुंड्यांपाशी उभा राहून अरबीत शांतपणे समजावत होता. हातवारे पाहून मला कळत होतं की तो ताणच सांगतोय, अजून एक दिवस, मग पाणी, मग फुलं.

मॅडम माझ्याकडे वळल्या. “मुहंदिस, हा म्हणतो झाडं मेलेली नाहीत. पाणी मुद्दाम बंद केलं म्हणतो. तू शिकलेला आहेस. हा बरोबर सांगतोय का?”

एक ‘हो’ पुरला असता. मी म्हणालो, “मॅडम, मी असं करायला सांगितलं नव्हतं.”

यात खोटं काही नव्हतं. करायला मी खरंच सांगितलं नव्हतं. शब्द असे तोलून वापरले की माणूस किती स्वच्छ राहतो ते मी त्या दिवशी शिकलो.

इब्राहिमभाईने माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता हा म्हणणार, यांच्याकडूनच शिकलो. तो माझ्याकडे पाहत राहिला, आणि मग त्याने कातरी खाली ठेवली.

“खलास,” मुदीर म्हणाला. “उद्यापासून सित्रा.”

सित्राला आमच्याकडे एका कारखान्याच्या कुंपणालगत झाडं लावायचं काम होतं. सावली नाही, धूर आणि धूळ, पहाटे कंपनीच्या बसने जायचं. मॅडमनी व्हिलाच्या आवारात त्याला दिलेली खोली गेली. खरी गोष्ट त्याहून मोठी होती. त्याचं वय झालं होतं, आणि मॅडम त्याला मागून घेत म्हणूनच कंपनी त्याचा व्हिसा वाढवत होती. त्याच्या धाकट्या मुलीचं नर्सिंग संपायला दीड वर्ष होतं. तेवढं काढायचं, मग वाडीत जाऊन बसायचं, असं तो म्हणायचा. हे सगळं मला माहीत होतं. माहीत असून मी तोंड मिटून उभा होतो.

पुढचं ऐकल्यावर तुम्ही मला काय म्हणायचं ते म्हणा. दुसऱ्याच दिवशी, म्हणजे इब्राहिमभाईने ठरवलेल्या दिवशी, मी स्वतः जाऊन कॉक उघडला. पहिल्या दिवशी थोडं, मग जास्त, मग खत. वडील जसे करायचे तसंच. एकविसाव्या दिवशी सकाळी फाटकातून आत शिरलो तर वास आला. सोळाही झाडं कळ्यांनी भरली होती.

साखरपुड्याला सगळी बाग घमघमत होती. बायका कुंड्यांशी उभ्या राहून फोटो काढत होत्या. मॅडम आपल्या बहिणीला म्हणाल्या, “हा आमचा मुहंदिस. मेलेली झाडं याने जिवंत केली.” मी मान लववून “शुक्रन” म्हणालो. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो मी. त्या एका संध्याकाळच्या जोरावर मला पुढे चार बागा मिळाल्या आणि मॅडमनी एकदा वरही नेलं. खिडकीतून बाग पाहिली. नकाशासारखीच दिसत होती. कुंड्यांच्या दोन पांढऱ्या रांगा मात्र नकाशात नव्हत्या, आणि माझी नजर तिथून हलेना. स्तुती माझी होत होती आणि मत्सर मला त्याचाच वाटत होता, यासारखा दळिद्रीपणा नाही.

जुलैत सित्राला उन्हाने इब्राहिमभाई कोसळला. सलमानियाला दवाखान्यात ठेवलंय असं बसच्या ड्रायव्हरकडून कळलं. सुनंदाने पेज करून दिली. मी जाताना वाट वाकडी करून व्हिलावर गेलो आणि तिसऱ्या-चौथ्या कुंडीतली पाच लिंबं तोडून खिशात घातली.

तो पडून होता, अर्धा झालेला, चेहरा काळवंडलेला. मी लिंबं त्याच्या उशाशी ठेवली. त्याने एक उचललं, नखाने साल खरवडून नाकाशी धरलं.

“व्हिलातली?”

“हो.”

“बहार धरला म्हनजे! सगल्या कुंड्यांनी?”

“सोळाच्या सोळा.”

त्याचे डोळे भरून आले. आनंदाने. त्या माणसाला खरोखर आनंद झाला होता. मला सहन होईना. मी विचारलं, “इब्राहिमभाई, त्या दिवशी तुम्ही माझं नाव का नाही घेतलंत? माझ्याकडून ऐकलं होतं म्हणून का नाही सांगितलंत?”

त्याने लिंबू छातीवर ठेवलं.

“मना वाटला, तुमी बोलाल.”

ऑगस्टमध्ये कंपनीने त्याला घरी पाठवलं. मुलीचं शिक्षण त्याच्या मेव्हण्याने पुरं केलं, ती आता पनवेलला नोकरी करते. म्हणजे तसं कुणाचं अडलं नाही. असं मी दोन वर्षं स्वतःला सांगत होतो.

या डिसेंबरात मी कायमचा परत चाललो आहे. हा लेख लिहायला घेतला, निम्मा झाला आणि लक्षात आलं की मॅडमना मराठी वाचता येत नाही. म्हणजे पुन्हा मी असाच शब्द तोलून स्वच्छ राहणार होतो. मग गेल्या आठवड्यात व्हिलावर गेलो. मॅडम बागेत आल्या. तिथेच कुंड्यांपाशी उभं राहून पाऊण तास मी सगळं सांगितलं. वडील, पिकअप, ताण, गुरुवार. त्यांनी मध्ये एकदाच विचारलं, “पण तू खरं का नाही बोललास?”

“मला त्याचा मत्सर वाटत होता.”

“इब्राहिमचा?” त्या म्हणाल्या. “तू तर मुहंदिस.”

मग त्या वाटेवरून कारंज्यापर्यंत जाऊन परत आल्या. रागावल्या असत्या तर बरं वाटलं असतं. शेवटी म्हणाल्या, “त्याचा नंबर दे.”

त्यांनी तिथूनच व्हिडिओ कॉल लावला. इब्राहिमभाई वाडीत होता, मागे सुपाऱ्या, डोक्याला टॉवेल. दोघं अरबीत बोलायला लागले. मॅडमचा आवाज आधी जड होता, त्यांनी दोनदा डोळे पुसले, मग काय झालं कोण जाणे, हसायलाच लागल्या. एवढ्या वर्षांत माझ्याशी त्या इतकं बोलल्या नसतील. त्यांनी फोन फिरवून त्याला बाग दाखवली, कुंपण, कारंजं, कुंड्या. आणि एकदम फोन माझ्या हातात दिला.

“सायेब, बरे हाव ना? ती उजवीकडची तिसरी कुंडी बघा. तिचा पानी बंद हाय.”

“कशावरून?”

“पानां बघा ना तिची!”

मी त्याच कुंडीला टेकून पाऊण तास उभा होतो. खाली बसलो, नळी उचलून बघितली. क्षाराने तोंड गच्च बुजलेलं. श्रीवर्धनहून, फोनच्या पडद्यावरून, पाहिलं याने! पोटात दुखलं, अगदी पूर्वीसारखंच दुखलं. खिशातली टाचणी काढली.

“काय म्हणतो तो?” मॅडमनी विचारलं.

“कुंडीला पाणी नाही म्हणतो,” मी म्हणालो. “मॅडम, इब्राहिम बरोबर सांगतोय.”